आधी जाळ, मग मसाला

मराठी पाककृतींत मटणाच्या मसाल्याला पानभर जागा मिळते आणि मटण शिजवायला एक ओळ. मटण मऊ शिजवून घ्यावं, एवढंच. कशावर, किती वेळ, झाकण ठेवून की उघडं, पाणी गार घालायचं की कढत, जाळ केवढा, यातलं काही त्या ओळीत नसतं. लिहिणारीला ते ठाऊक असायचं आणि वाचणारीलाही ठाऊक असणार, असं ती धरून चालायची. लक्ष्मीबाई धुरंधरांचं ‘गृहिणीमित्र’ १९१० साली आलं, कमलाबाई ओगल्यांचं ‘रुचिरा’ १९७० साली. या साठ वर्षांत स्वयंपाकघरात चुलीशेजारी स्टोव्ह आला, गॅस आला, प्रेशर कुकर आला. त्यानंतरच्या पन्नास वर्षांत चूलच कित्येक घरांतून गेली. एका ओळीत गृहीत धरलेलं ज्ञान आता गृहीत धरता येत नाही. ते लिहून ठेवावं, यासाठी हे पुस्तक.

ताडकळस आणि त्याच्या पंचक्रोशीतल्या घरांत मटण सावकाश कसं शिजवतात, एवढाच या पुस्तकाचा विषय आहे. परभणी जिल्ह्याच्या पूर्णा तालुक्यातलं हे बाजारपेठेचं गाव. जमीन काळी. शिवारात कापूस, तूर, सोयाबीन आणि हिवाळ्यात रब्बीची ज्वारी. मटणाच्या पुस्तकात पिकांची नावं कशाला, असं वाटेल. पण मटण शिजतं ते याच पिकांवर. तूर झोडपली की तुराटी उरते, कापूस वेचून झाला की पऱ्हाटी उरते, बांधावर बाभूळ असते आणि गोठ्यातून गोवऱ्या येतात. या चारही सरपणांचा जाळ वेगळा. तुराटी भडकन पेटते आणि लवकर संपते, म्हणून ती पाण्याला पहिली उकळी आणण्यापुरती. पऱ्हाटी थोडी अधिक टिकते. बाभळीचा निखारा तासन्‌तास धरतो. आणि गोवरीचा विस्तव असा एकसारखा, मंद राहतो की भांड्याखाली एकदा सारून दिला की मागे वळून बघायला नको. सरपण निवडणं म्हणजेच आच निवडणं. आज गॅसची खुंटी फिरवून जे करतो, ते पूर्वी हाताशी असलेल्या काटक्यांतून केलं जायचं.

जुन्या घरांत चुलीलाच मागे किंवा बाजूला एक वैल जोडलेला असायचा. पुढे जाळ घालायचा, भाकरी पुढे भाजायच्या, आणि आतून वळून गेलेल्या धगीवर वैलावर काहीतरी शिजत राहायचं. डाळ, दूध, आंघोळीचं पाणी, आणि ज्या दिवशी मटण असेल त्या दिवशी मटण. सावकाश शिजवण्यासाठी वेगळं सरपण लागत नसे, वेगळी जागा लागत नसे. मला वाटतं, ग्रामीण महाराष्ट्रातली ही सगळ्यात हुशार वस्तू आहे आणि तिच्याबद्दल आपण फार कमी लिहिलं आहे.

आता मांसाबद्दल. इंग्रजी पुस्तकांत ज्याला लॅम्ब म्हणतात ते वर्षाच्या आतलं कोकरू. आपल्याकडे मटण म्हटलं की बहुतेक ठिकाणी बोकड, आणि मराठवाड्यात तो बहुधा उस्मानाबादी जातीचा, काळा, उंच, दिवसभर रानात हिंडून बाभळीच्या शेंगा आणि झुडपांचा पाला खाल्लेला. धनगरांच्या कळपातली दख्खनी मेंढीही या भागात येते. मेंढीच्या मटणाला चरबी जास्त आणि वास उग्र. ज्यांना ते आवडतं त्यांना बोकड मिळमिळीत लागतो. दोन्हींत एक गोष्ट सारखी आहे. ही चालणारी जनावरं आहेत. ज्या स्नायूने काम केलेलं असतं, त्यात जोडऊती जास्त असतात. मान, खांदा, पुढचे पाय, नळ्या या सगळ्यांत कोलॅजेन भरपूर. जनावर जसं जून होतं तसे त्या कोलॅजेनचे धागे एकमेकांत अधिक घट्ट गुंततात. म्हणून आठ-दहा महिन्यांचं करडू तासाभरात शिजतं आणि दोन वर्षांचा बोकड तीन तास मागतो.

त्यात आणखी एक अडचण. गावात सकाळी जनावर कापलं जातं आणि दुपारी ते चुलीवर असतं. कापल्यानंतर काही तासांत स्नायू ताठरतात, आणि पुन्हा सैल पडायला त्यांना थंड जागी दिवसभर तरी ठेवावं लागतं. परदेशांत त्यासाठी शीतगृहात मांस टांगून ठेवतात. परभणीच्या उन्हाळ्यात पारा चाळिशीच्या वर गेलेला असताना ते कसं जमणार? म्हणजे मांस शिजायला पडतं ते नेमकं त्याच्या सगळ्यात चिवट वेळी. आपल्या आज्यांनी या अडचणीवर एकच उपाय काढला, आणि तो अचूक होता: वेळ द्यायचा आणि जाळ कमी ठेवायचा.

हा उपाय लागू पडतो तो असा. मांसाचे तंतू साठ अंशांच्या आसपासच आकसायला लागतात आणि आतलं पाणी बाहेर ढकलतात. कोलॅजेन मात्र घाई करत नाही. साठ-सत्तर अंशांपासून ते हळूहळू विरघळू लागतं, ऐंशीच्या पुढे त्याला वेग येतो, तरीही तासांचा हिशोब राहतोच. विरघळून त्याचं जिलेटिन होतं. हे जिलेटिन आकसलेल्या तंतूंच्या मध्ये पसरतं आणि चावताना मांस रसदार लागतं. उरलेलं रश्श्यात उतरतं आणि रश्श्याला ते अंग येतं ज्याने ओठ किंचित चिकटतात. जाळ मोठा केला तर तंतू कडक पिळले जातात आणि कोलॅजेनला पुरेसा वेळ मिळत नाही. खळखळ उकळीने चरबीही रश्श्यात घुसळली जाते आणि रस्सा गढूळ होतो. तर्री वर येते ती रस्सा शांत असेल तरच. ताडकळसच्या बायका सांगतात की मटण ‘हसत’ शिजलं पाहिजे, म्हणजे कडेकडेने एखाददुसरा बुडबुडा. थर्मामीटर लावून पाहिलं तर ते नव्वदच्या आसपास भरेल.

यानंतर ताटाची गोष्ट. पातेल्यावर झाकण म्हणून खोलगट ताट ठेवायचं आणि ताटात पाणी ओतायचं. महाराष्ट्रभर करतात, पण त्यामागचं कारण फार थोड्या पुस्तकांत सापडतं. आतली वाफ वरच्या थंड ताटाला लागून पुन्हा थेंबाथेंबाने मटणात पडते, त्यामुळे पाणी आटत नाही आणि मसाल्याचा गंधही बराचसा भांड्यातच राहतो. ताटातलं पाणी तोवर तापतं. मटणाला पाणी लागलं तर तेच कढत पाणी घालायचं. गार पाणी घातलं की भांड्याची आच एकदम पडते, शिजण्याची लय मोडते आणि ती पुन्हा धरायला वीस-पंचवीस मिनिटं जातात. शिवाय ताटातलं पाणी किती लवकर तापतं यावरून खालचा जाळ कळतो. पाण्यातून वाफा निघाल्या की दोन लाकडं मागे ओढायची. झाकण, पाण्याचा साठा आणि आच मोजण्याचं साधन, तिन्ही एका ताटात. हैदराबादेत आणि लखनौत भांड्याच्या तोंडाला कणीक लावून दम देतात. ती पद्धत राजेशाही आणि देखणी आहे, पण त्यात मध्येच उघडून चव घेता येत नाही. घरच्या स्वयंपाकाला ताटच बरं.

मटण गावात येतं तेही शहरापेक्षा वेगळं. शहरात खाटकाच्या दुकानात उभं राहून चाप द्या, रान द्या, नळी घाला असं सांगता येतं. गावात पाच-सात घरं मिळून एक बोकड घेतात आणि त्याचे वाटे घालतात. प्रत्येक वाट्यात थोडी रान, थोडा खांदा, बरगडी, मानेची हाडं, कलेजीचा तुकडा, चरबी, वझडी. कुणाला चांगलं आणि कुणाला वाईट असं होऊ नये, हा त्यातला न्याय. पण शिजवणाऱ्या हाताला तो एक कूट प्रश्नच. वेगवेगळ्या वेळी शिजणारं सगळं एकाच पातेल्यात आलेलं असतं. झटपट शिजवायला गेलं तर बरगडी मऊ आणि मान कच्ची. तेव्हा हाडं आणि मान आधी, मऊ तुकडे तासाभराने, कलेजी अगदी शेवटच्या दहा मिनिटांत. पाककृतींच्या पुस्तकांत हा क्रम दिसत नाही, कारण त्यांनी मटण दुकानातून आणलेलं असतं.

मंद आचेने वाट्यातला न्याय ताटापर्यंत पोचवला, असंही म्हणता येईल. दीड किलोच्या वाट्यात दहा-बारा माणसं जेवायची. तुकडे मोजके येणार हे सगळ्यांना ठाऊक होतं; पोट भरायचं ते रश्श्यावर. हाडांतलं आणि जोडऊतींतलं सगळं सत्त्व पाण्यात उतरलं तरच तो रस्सा जेवण म्हणून पुरतो. म्हणून आधी आळणी: मटण, हळद, मीठ, आलं-लसूण, पाणी. तीन तासांनी वरचा आळणी रस वाटीत काढून म्हाताऱ्यांना, लहान पोरांना आणि बाळंतिणीला. मग उरलेल्यात मसाला. या पद्धतीत मसाला करपत नाही, कारण तो शेवटी पडतो, आणि मांस मसाल्याच्या आधीच स्वतःच्या चवीने पुरं झालेलं असतं.

मसाला इथे काळा. खोबरं आणि कांदा निखाऱ्यावर भाजलेले, धने, तीळ, खसखस, दगडफूल, शहाजिरं, नागकेशर, चक्रीफूल. आणि येसर. मराठवाड्याबाहेरच्या वाचकासाठी सांगतो: येसर म्हणजे धान्यं आणि डाळी भाजून, मसाल्याबरोबर दळलेलं पीठ. घरोघर त्याचं प्रमाण वेगळं. कुठे ज्वारी-बाजरी, कुठे गहू, कुठे हरभऱ्याची डाळ. दोन चमचे येसर पाण्यात कालवून रश्श्यात सोडलं की रस्सा दाटतो आणि त्याला भाजक्या धान्याचा वास येतो. शाहू पाटोळे यांच्या ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ या २०१५ सालच्या पुस्तकाने मराठवाड्यातल्या महार आणि मांग समाजांच्या स्वयंपाकाची नोंद पहिल्यांदा इतक्या तपशिलात केली. त्यात येसराला आणि मांस वाळवून केलेल्या चान्यांना त्यांचं हक्काचं स्थान मिळालं आहे. ज्या घरांच्या वाट्याला तेल कमी, मसाला कमी आणि मांसातलं सगळ्यात चिवट तेवढं यायचं, त्या घरांनी मंद आचेचं शास्त्र सगळ्यात बारकाईने सांभाळलं. या विषयावर लिहिणाऱ्या प्रत्येकाने ते ऋण मान्य केलं पाहिजे, आणि हे पुस्तक ते करतं.

रश्श्यासोबत भाकरी, तीही ज्वारीची. परभणीच्या कृषी विद्यापीठाने ‘परभणी मोती’सारखे रब्बी ज्वारीचे वाण दिले, पण भाकरीच्या चवीबद्दल बोलायचं तर म्हातारी माणसं अजून मालदांडीचंच नाव काढतात. ज्वारीत ग्लुटेन नाही, त्यामुळे भाकरी रश्श्यात चिवट होत नाही. कुस्करली की रस पिऊन घेते आणि तरीही घास धरून ठेवते. पोळीबरोबर हाच रस्सा पातळ वाटतो. पूर्वी फोडणीला करडीचं तेल असे, आणि करडई हेही याच काळ्या मातीतलं पीक. ज्यांना मिळेल त्यांनी घाण्याचं करडीचं तेल वापरून पाहावं. सोयाबीनच्या तेलातल्या आणि करडीच्या तेलातल्या तर्रीचा फरक जिभेला लगेच कळतो.

हा प्रदेश १९४८च्या १७ सप्टेंबरपर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. स्वयंपाकघरात त्या दोन शतकांच्या खुणा पावलोपावली आहेत: भगोना, देगची, शेरवा, पाये. औरंगाबादचा नानखलिया तर त्याहून जुना मानतात. मुहंमद तुघलकाने १३२७ साली राजधानी दिल्लीहून दौलताबादला हलवली, तेव्हा सैन्याच्या मुदपाकात हा मोठ्या डेगेत रात्रभर शिजणारा खलिया तयार झाला, असं सांगतात. त्या कथेला कागदोपत्री आधार किती, हा वाद इतिहासकारांचा. डेग मात्र खरी आहे आणि लग्नांत आजही चढते. त्याच्याही आधी, बाराव्या शतकात, कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वराच्या ‘मानसोल्लास’ ग्रंथात अन्नभोगाच्या प्रकरणात मांसाचे अनेक प्रकार नोंदवलेले आहेत. कल्याणी म्हणजे आजचं बसवकल्याण, उदगीरपासून फार लांब नाही. मराठवाड्यातल्या मांसाहाराला दरबारी आणि गावरान अशा दोन्ही अंगांनी एवढी मोठी परंपरा आहे, आणि तरीही आपण मटण म्हटलं की कोल्हापूर आणि नागपूरच्या पुढे जात नाही, हे मला खटकतं.

कंदुरीबद्दल थोडं विस्ताराने लिहायला हवं, कारण सावकाश शिजवण्याची खरी शाळा तीच. नवस फेडायला दर्ग्यावर किंवा देवाच्या माळावर बोकड न्यायचा, तिथेच कापायचा, तिथेच शिजवायचा आणि आलेल्या प्रत्येकाला जेवू घालायचं. मराठवाड्यात हिंदू घरंही दर्ग्यावर कंदुरी करतात आणि त्यात कुणाला काही वेगळं वाटत नाही. कंदुरीत स्वयंपाक बहुधा पुरुषांकडे असतो. जमिनीत खोदलेली लांब चर, तिच्यात बाभळीची लाकडं, वर डेगा. वीस-पंचवीस किलो मटण असलेल्या डेगेत जाळ वाढवून घाई करताच येत नाही. तळ लागला की सगळं गेलं. अनुभवी आचारी उकळी आली की चरीतली अर्धी लाकडं बाहेर ओढतो आणि नंतर निखाऱ्यावर सोडून देतो. परभणीला हजरत तुराबुल हक यांच्या दर्ग्याचा उरूस फेब्रुवारीत भरतो, नांदेड जिल्ह्यात माळेगावची खंडोबाची यात्रा मार्गशीर्षात. या मोसमात या भागात फिरणाऱ्याने डेगेजवळ जरा वेळ उभं राहावं.

परभणी जिल्ह्यातच संत जनाबाईचं गंगाखेड आहे. माळकरी घरं गावोगाव आहेत आणि त्या घरांत मांस शिजत नाही. एकाच वाड्यात एक भाऊ माळकरी आणि दुसरा खाणारा, हेही नेहमीचं. अशा घरांत मटणाची चूल मागच्या अंगणात, तीन दगडांची. भांडी वेगळी, सोमवार-गुरुवार-एकादशी टाळलेली. घरातल्या चुलीची सोय तिथे नसे, वैल नसे, म्हणून गोवऱ्यांच्या विस्तवावर मडकं ठेवण्याची पद्धत तिथे अधिक टिकली.

जगात इतरत्रही गरिबीने आणि सरपणाच्या टंचाईने लोकांना हेच शिकवलं. मोरोक्कोतल्या माराकेशमध्ये कामगार मातीच्या उंच घड्यात मांस भरून सार्वजनिक हमामाच्या भट्टीवाल्याकडे देतात. पाणी तापवून उरलेल्या राखेत ते दिवसभर शिजतं. फ्रान्समध्ये मेंढीची रान सात तास मंद शिजवायची रीत आहे. दोन्हींत मुळात जून जनावर होतं.

कुकरविषयी न लिहिता ही प्रस्तावना संपवता येणार नाही. १६७९ साली दनी पापँ या फ्रेंच शास्त्रज्ञाने वाफ कोंडणारं भांडं बनवलं ते हाडं मऊ करायलाच. आपल्याकडे हॉकिन्सचा कुकर १९५९पासून घरांत शिरला आणि त्याने बायकांचे अगणित तास वाचवले. ते तास वाचले हे चांगलंच झालं. धुरात डोळे लाल करून बसण्याला मी परंपरा म्हणून मुजरा करणार नाही. २०१६ साली उज्ज्वला योजना आली, चुली आणखी कमी झाल्या, तेही योग्यच. पण कुकरमध्ये पाणी १२० अंशांपर्यंत जातं. कोलॅजेन वीस-पंचवीस मिनिटांत विरघळतं खरं, मात्र तंतू त्याहून जास्त पिळले जातात. मटण हाडापासून सुटतं आणि तरी कोरडं लागतं, ते यामुळे. कच्ची पपई लावून मऊ केलेल्या मटणाचीही तीच गत: वरून पिठूळ, आतून चिवट, आणि रश्श्यात जिलेटिन नाही.

मंद आचेला धूर लागत नाही आणि चूलही लागत नाही. जाड बुडाचं पातेलं, त्याखाली जुना लोखंडी तवा, सगळ्यात लहान शेगडीची सगळ्यात लहान ज्योत, वर पाण्याचं ताट. एवढ्यावर पुण्यातल्या सदनिकेत किंवा न्यू जर्सीतल्या घरातही ताडकळसचं मटण होतं. किलोभर मटणाला अडीच ते तीन तास धरावेत, जून असेल तर साडेतीन. सुरुवातीला पाणी न घालता हळद-मिठात ते स्वतःच्या पाण्यात आटू द्यावं, मगच कढत पाणी. कुकर वापरायचाच असेल तर दोन शिट्ट्या, वाफ आपोआप जिरू द्यायची, आणि पुढचा पाऊण तास झाकण काढून मंद आचेवर. उरलेला रस्सा दुसऱ्या दिवशी जास्त चांगला लागतो, पण उन्हाळ्यात तो रात्रभर ओट्यावर ठेवू नये. लवकर निववून फ्रीजमध्ये ठेवावा आणि खाताना पूर्ण उकळावा.

पुढच्या पानांत मसाल्याची प्रमाणं आहेत, येसराचे घरोघरचे प्रकार आहेत, पाये, मुंडी आणि वझडी यांच्यावर स्वतंत्र प्रकरणं आहेत. वाचकाने त्यांतून हवं ते घ्यावं, हवं ते बदलावं. पहिल्यांदा करत असाल तर खाटकाकडून रान घेऊ नका. खांदा, मान आणि नळी मागा, आणि जनावर थोडं जून असेल तर नाक मुरडू नका. तुमच्या घरात असं मटण करणारी आजी, काकू किंवा कंदुरीच्या डेगेवर उभा राहणारा कुणी काका असेल, तर एक दिवस काढून त्यांच्या शेजारी बसा. लाकूड कधी मागे ओढलं, पाणी कधी घातलं, झाकण कधी काढलं, हे घड्याळ बघून वहीत उतरवा. मसाल्याची यादी त्यानंतर विचारा.